बाळू पालवणकर : मैदान आणि पंगत



राजे, संत, ग्रंथकार आणि देशभक्त यांची चरित्रे अशा व्यासपीठांवरून आपण अनेक वेळा ऐकली असतील. आज आम्ही एका खेळाडूचे चरित्र घेऊन आपणांपुढे उभे आहो, आणि तेही ज्याचे नाव आपल्यापैकी पुष्कळांच्या कानांवरून गेलेले नसेल अशा खेळाडूचे. याचे काहींना नवल वाटेल. परंतु इतिहास जसा दरबारात आणि सभागृहात घडतो, तसा तो तालमीत आणि मैदानावरही घडतो. आणि खेळ संपल्यावर दमलेल्या माणसांना जेथे चहापाणी मिळते, त्या जागीही घडतो. आजच्या आमच्या कथानायकाच्या आयुष्यात ही शेवटची जागा फार महत्त्वाची आहे.

खेळाचा शौक आपल्या मराठवाड्याला नवा नाही. नांदेड जिल्ह्यातील माळेगावची खंडोबाची यात्रा घ्या, की लातूरची महाशिवरात्रीची सिद्धेश्वराची यात्रा घ्या. कुस्त्यांच्या फडावाचून ती पुरी होत नाही. निलंगा तालुक्यातील रामलिंग मुदगडचे हरिश्चंद्र बिराजदार १९६९ साली महाराष्ट्र केसरी झाले, १९७० साली एडिंबरोच्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्यांनी सुवर्णपदक मिळविले, आणि साऱ्या मुलखाची छाती फुगली. फडात जो जिंकतो त्याला लोक खांद्यावर घेतात, फेटा बांधतात. त्या क्षणी त्याची जात कोणी विचारीत नाही, असे आपण अभिमानाने सांगतो. आणि ते पुष्कळ अंशी खरेही आहे. परंतु खरा प्रश्न त्याच्या पुढचा आहे. फड उठल्यावर, हलगी थांबल्यावर, तोच मल्ल तहानेने कोणाच्या ओसरीवर गेला, तर त्याला पाणी कोणत्या भांड्यातून मिळत असे? आपल्या गावांतील वडीलधाऱ्यांना याचे उत्तर ठाऊक आहे. ते उत्तर मनात ठेवूनच बाळू पालवणकर यांची हकीकत ऐकावी, अशी आमची विनंती आहे.

पुण्याचे मैदान

पालवणकर घराणे मूळचे कोकणातले. पालवण या गावावरून त्यांना हे आडनाव मिळाले. जात चर्मकार, म्हणजे त्या काळच्या भाषेत अस्पृश्य. बाळूंचा जन्म १८७६ च्या सुमारास धारवाडला झाला आणि बालपण पुण्यात गेले. वडील लष्कराच्या आश्रयाने पोट भरीत. त्या काळी अस्पृश्य मानलेल्या अनेक हुशार कुटुंबांना लष्कराची छावणी हीच पहिली शाळा होती. तेथे थोडे शिक्षण मिळे, महिन्याचा पगार मिळे, आणि साहेबांचे खेळ जवळून पाहावयास मिळत. अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या बॅटी आणि जुने चेंडू घेऊन बाळू व त्यांचे धाकटे बंधू शिवराम क्रिकेट खेळू लागले. पुढे विठ्ठल आणि गणपत हे आणखी दोन भाऊही याच खेळात नावारूपास आले. एका घरातले चार भाऊ वरच्या दर्जाचे क्रिकेट खेळले, ही गोष्ट आजही विरळाच म्हणावी लागेल.

बाळूंची पहिली नोकरी पुण्याच्या पारशी मंडळींच्या क्रिकेट क्लबात होती. मैदान झाडावयाचे, खेळपट्टीवर रूळ फिरवावयाचा, आणि सभासदांना सरावासाठी कधीमधी चेंडू टाकावयाचे. पगार महिना ३ रुपये. पुढे ते युरोपियनांच्या पूना क्लबात गेले. तेथे पगार ४ रुपये झाला. म्हणजे एका रुपयाची बढती मिळाली. काम तेच. जाळी ठोकावयाची, खेळपट्टी तयार करावयाची आणि साहेब खेळावयास उभा राहिला की त्याला चेंडू टाकावयाचे.

या क्लबात जे. जी. ग्रेग नावाचे लष्करी अधिकारी होते. अंगाने लहानखुरे, परंतु फलंदाजीत हिंदुस्थानातील युरोपियनांमध्ये अग्रगण्य. इंग्लंडात ते हॅम्पशायर परगण्याकडून खेळत. ते इतरांच्या आधी मैदानावर येत आणि बाळूंकडून तासन् तास चेंडू टाकून घेत. आपल्याला बाद केले की दर खेपेस आठ आणे देण्याचा त्यांनी करार केला होता, अशी आख्यायिका आहे. हिशेब करून पाहिला तर आठ वेळा ग्रेगसाहेब बाद झाले की बाळूंचा महिन्याचा पगार सुटला! आख्यायिका खरी असो वा नसो, या सरावातून एक असामान्य गोलंदाज तयार झाला, यात शंका नाही. बाळू डावखुरे, मंदगती. चेंडू दोन्ही बाजूंना वळविण्याची हातोटी, उंची आणि वेग यांतील बदल, आणि हवी ती जागा पुनःपुन्हा गाठणारा अचूक टप्पा, हे त्यांचे भांडवल. फलंदाजाला मोहात पाडून फसविणे ही मंदगती गोलंदाजाची विद्या असते, आणि ती धीराने साधते. तो धीर बाळूंना नोकरीनेच शिकविला.

मात्र येथे एक बारीक गोष्ट लक्षात घ्यावी. शेकडो तास ज्याने साहेबांना गोलंदाजी केली, त्याला पूना क्लबात कोणी एकदाही बॅट हाती धरू दिली नाही. गोलंदाजी हे घाम गाळण्याचे, चाकरीचे काम; फलंदाजी हा सरदारांचा विलास. ही वाटणी विलायतेतही होती. तेथेही पैसे घेऊन खेळणारे धंदेवाईक बहुधा गोलंदाज असत, मैदानावर येण्याचे त्यांचे दार निराळे असे, आणि कर्णधारपद हे हौशी खानदानी माणसाकडेच जाई. आपल्या देशात या वाटणीवर जातीचा आणखी एक थर चढला, इतकेच.

मातीचे भांडे

त्या सुमारास पुण्यातील हिंदू क्लबाला युरोपियनांना हरविण्याची ईर्षा उत्पन्न झाली होती. शहरातला सर्वांत चांगला गोलंदाज कोण, हे सर्वांना माहीत होते. आणि त्याची जात कोणती, हेही माहीत होते. त्याला संघात घ्यावे की नाही, यावर क्लबात दोन तट पडले. तेलंगी सभासद घ्या म्हणत. ब्राह्मण सभासदांत मतभेद होता. ग्रेग यांनी वर्तमानपत्रातून सुचविले की, बाळूसारख्या माणसाला दूर ठेवणे हा हिंदूंचा मूर्खपणा ठरेल. यात बाळूंविषयी प्रेम किती आणि त्यांच्यासमोर सामन्यात खेळण्याची हौस किती, हे सांगणे कठीण. पण अखेर बाळू संघात आले.

आता संघात आले म्हणजे काय झाले, ते पाहू. मैदानावर त्यांनी टाकलेला चेंडू सवर्ण खेळाडू झेलीत, पुसून परत त्यांच्या हाती देत. एकच चेंडू अकरा हातांतून फिरे आणि कोणालाही विटाळ होत नसे. चहाची सुट्टी झाली की बाकीचे दहा जण आत जाऊन चिनी मातीच्या पेल्यांतून चहा घेत, आणि बाळूंना तो बाहेर, वापरून टाकून देण्याच्या मातीच्या भांड्यात मिळे. जेवणाला त्यांचे ताट निराळे, मेज निराळे. तोंड धुवावयाचे तर पाणी ओतण्यास अस्पृश्य नोकरच लागे. श्रोतेहो, चेंडू चामड्याचा होता हे विसरू नका. ज्या कातड्याच्या धंद्यामुळे एक अख्खी जात अपवित्र ठरली, तेच कातडे गोल शिवून तांबडे रंगविले की ते पवित्र होत असे! धर्मशास्त्रात याचे समर्थन कोठे मिळेल, हे आम्हांस ठाऊक नाही.

साताऱ्याच्या युरोपियन जिमखान्याविरुद्धचा सामना त्या काळी फार गाजला. यजमानांनी म्हणे आठवडाभर खेळपट्टीवर रूळ फिरवून ती इतकी कठीण केली की बाळूंचा चेंडू वळूच नये. तरीही बाळूंनी सात बळी घेतले आणि हिंदू जिंकले. पुण्यात सत्कार झाले, हार पडले. न्यायमूर्ती रानड्यांनीही त्यांचे जाहीर कौतुक केले, आणि ज्याच्याबरोबर आपण खेळतो त्याच्याबरोबर खाण्यापिण्यास हरकत का असावी, असा प्रश्न केला, असे सांगतात. सत्काराचे हार घेऊन माणूस घरी गेला. मातीचे भांडे मात्र लगेच फुटले नाही.

मुंबई आणि १९०६ चा विजय

१८९६-९७ च्या प्लेगाने पुण्याची दाणादाण उडविली. पालवणकर कुटुंब मुंबईस आले. तेथे बाळूंना रेल्वेत नोकरी लागली आणि ते रेल्वेच्या संघाकडून खेळू लागले. चाकरीतला माणूस खेळाच्या जोरावर नोकरी मिळवितो आणि नोकरीच्या आधाराने खेळतो, ही रीत आपल्याकडे तेव्हापासून आहे. आजही रेल्वे आणि पोलीस खात्यांत कितीतरी मल्ल आणि खेळाडू अशाच रीतीने पोसले जातात. हिंदू जिमखान्यात बाळूंना घेण्यास तेथील काही सभासदांचा विरोध होता. परंतु कर्णधार कीर्तिकर यांनी आग्रह धरला आणि विरोध मावळला.

त्या काळी मुंबईतील मोठे सामने धर्माधर्मांचे असत. आधी युरोपियन आणि पारशी. मग १९०७ पासून हिंदूंसह तिरंगी. १९१२ पासून मुसलमानांसह चौरंगी. आणि १९३७ पासून ‘इतर’ मिळून पंचरंगी. १९४६ साली ही पद्धत बंद पडली, ते बरेच झाले. परंतु फेब्रुवारी १९०६ मध्ये हिंदूंनी युरोपियनांस प्रथम आव्हान दिले, तेव्हा त्या सामन्याला निराळेच तेज होते. १९०५ सालची बंगालची फाळणी नुकतीच झाली होती, स्वदेशीची चळवळ भरात होती. हिंदूंनी २४२ आणि १६० धावा केल्या. युरोपियनांचे डाव १९१ आणि १०२ धावांत आटोपले. हिंदू १०९ धावांनी विजयी झाले. बाळूंच्या गोलंदाजीचा त्यात मोठा वाटा होता, आणि शिवरामही त्या संघात होते.

यावेळी मुंबईच्या जिमखान्यात दोघां भावांना इतरांबरोबर जेवावयास बसविले जात होते. सुधारकी वृत्तपत्रांनी या विजयाचा अर्थ बरोबर ओळखला. पुण्याच्या हिंदूंनी मैदानापुरता स्पर्श मान्य केला होता. मुंबईकरांनी पंगतीपर्यंत मजल मारली. साहेबाला हरविले याहून ही प्रगती मोठी, असे त्यांनी लिहिले. आम्हांसही तसेच वाटते. साहेब आज ना उद्या जाणारच होता. पंगत आपली होती आणि ती आपल्यालाच सुधारावयाची होती.

१९११ : इंग्लंड आणि हवाना

१९११ साली पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग यांच्या नेतृत्वाखाली हिंदुस्थानचा पहिला सर्वधर्मीय संघ इंग्लंडला गेला. बाळू तेव्हा पस्तिशीत होते. खांदा दुखू लागला होता. संघ पुष्कळ सामने हरला. पण बाळूंनी सर्व सामने मिळून ११४ बळी घेतले, सरासरी १८.८४. त्यांतील प्रथम श्रेणीच्या सामन्यांतले ७५. केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध एका डावात १०३ धावांत ८ बळी हा त्यांचा उच्चांक. लीस्टरशायरवरील विजयात बाळूंची गोलंदाजी आणि सॉमरसेटवरील विजयात शिवराम यांचे शतक निर्णायक ठरले. म्हणजे राजेमहाराजांच्या त्या संघाची अब्रू राखली ती दोघां चर्मकार भावांनी.

बाळू इंग्लंडात गोलंदाजी करीत होते त्याच उन्हाळ्यात, ४ जुलै १९११ रोजी, पृथ्वीच्या दुसऱ्या अंगाला एक घटना घडली. तिचा उल्लेख आम्ही मुद्दाम करतो. अमेरिकेत क्रिकेटच्या जागी बेसबॉल हा खेळ आहे. एक जण चेंडू फेकतो, दुसरा दांडूने मारतो, आणि धावणारा चार तळांना वळसा घालून येतो. क्यूबा बेटावर हा खेळ आपल्याकडच्या कुस्तीसारखा मुरलेला होता. तेथे १८७८ सालापासून नियमित स्पर्धा होत असत, आणि १९०० पासून तेथल्या संघांत गोरे आणि काळे एकत्र खेळत. परंतु अमेरिकेच्या मोठ्या धंदेवाईक संघांत काळ्या माणसाला बंदी होती. त्या दिवशी राफाएल आल्मेइदा हा तिसऱ्या तळाचा राखणदार आणि त्याचा सोबती आर्मांदो मार्सान्स हे दोघे क्यूबन खेळाडू सिनसिनाटीच्या संघाकडून मैदानात उतरले. पण त्याआधी ते अस्सल स्पॅनिश वंशाचे, म्हणजे गोऱ्या रक्ताचे आहेत, अशी संघाच्या मालकांनी खात्री करून घेतली! त्याच काळात क्यूबात होसे मेंदेस नावाचा काळा चेंडूफेक्या होता. १९०८ साली याच सिनसिनाटीचा संघ हवानाला आला असता मेंदेसने त्याला एकही धाव करू दिली नव्हती. संघाला हरविणारा बाहेर राहिला आणि त्याचे देशबंधू रक्ताच्या ग्वाहीवर आत गेले.

या दोन समाजांची तुलना उद्बोधक आहे. अमेरिकेत कुंपण मैदानाच्या वेशीवरच होते. काळ्या माणसाला आत पाऊल टाकता येत नसे. आपल्याकडे मैदानाचे फाटक उघडले होते, पण कुंपण पुढे सरकून चहाच्या मेजाभोवती उभे राहिले होते. कोणते अधिक वाईट, हे ठरविणे व्यर्थ आहे. मात्र आपण जेव्हा म्हणतो की आमच्याकडे गुणांची कदर झाली, तेव्हा कुंपण पडले होते की नुसते सरकले होते, हे तपासून पाहावे.

कर्णधारपद

मायदेशी परतल्यावर मुंबईच्या अस्पृश्य समाजाने बाळूंचा सत्कार केला. त्या सत्काराशी एल्फिन्स्टन कॉलेजातल्या एका तरुण विद्यार्थ्याचा निकट संबंध होता. त्या विद्यार्थ्याचे नाव भीमराव आंबेडकर. त्यांचेही घराणे कोकणातले, त्यांचेही वडील लष्करात. त्या पिढीतील अस्पृश्य तरुणांना आपल्यातील एक माणूस साहेबाच्या देशात जाऊन साहेबाला बाद करतो, याचा केवढा आधार वाटला असेल, याची कल्पना आपण करू शकतो.

आता बाळू हिंदू संघातले सर्वांत जुने, सर्वांत अनुभवी आणि सर्वांत यशस्वी खेळाडू होते. कर्णधारपद त्यांच्याकडे जावे, अशी मागणी वर्षानुवर्षे होत राहिली. निवड समिती दर वर्षी दुसऱ्यालाच निवडी. खुद्द कर्णधार एम. डी. पै यांनी मोकळ्या मनाने जाहीर सांगितले की, हा मान ज्येष्ठतेने आणि अनुभवाने बाळूंचा आहे. पण कर्णधार म्हणजे केवळ चांगला खेळाडू नव्हे. त्याच्या आज्ञेत सवर्ण खेळाडूंनी वागावयाचे असते. प्रतिपक्षाच्या कर्णधाराशी हस्तांदोलन त्याने करावयाचे असते. हात वापरून घेणे सोपे होते. त्याच हाताच्या इशाऱ्यावर आपण इकडून तिकडे धावणे, हे जड जात होते.

१९२० साली गोष्ट निकरावर आली. पै आजारी होते. त्यांच्या जागी पुण्याचे दि. ब. देवधर यांना नेमले आणि बाळूंना संघातूनच वगळले. देवधर हे थोर फलंदाज, यात वाद नाही. पण अनुभवाने ते पुष्कळच धाकटे. तेव्हा विठ्ठल आणि शिवराम यांनी संघातून अंग काढून घेतले आणि निवडीत जातीचा विचार झाला आहे, असे निवेदन वर्तमानपत्रांत दिले. त्या काळी अस्पृश्य समाजातील दोन नोकरदार तरुणांनी बड्या धनिकांच्या जिमखान्याला उघड जाब विचारावा, याला छाती लागते. लोकमत त्यांच्या बाजूने वळले. पै बरे होऊन परत आले, बाळूंना उपकर्णधार नेमण्यात आले, भाऊ संघात परतले. आणि सामन्याच्या वेळी पै काही वेळ मैदान सोडून गेले, तेवढा वेळ संघाची सूत्रे बाळूंच्या हाती आली. चव्वेचाळिशीच्या उंबरठ्यावर असलेल्या त्या माणसाला पाव शतकाच्या सेवेनंतर मिळालेले नेतृत्व ते एवढे, उसने आणि घटकाभराचे.

त्या भांडणाचे फळ धाकट्या भावाला मिळाले. १९२३ साली विठ्ठल पालवणकर हिंदू संघाचे कर्णधार झाले. ते उत्तम फलंदाज होते. बाळूंना जी बॅट कोणी हाती धरू दिली नव्हती तिच्यावरच त्यांनी नाव मिळविले. त्या वर्षी हिंदूंनी चौरंगी स्पर्धा जिंकली आणि सवर्ण प्रेक्षकांनी विठ्ठल यांना खांद्यावर घेऊन जयघोष केला.

अमेरिकेतला हिशेबही पाहण्यासारखा आहे. जॅकी रॉबिन्सन या काळ्या खेळाडूसाठी मोठ्या संघाचे दार १९४७ साली उघडले. पण काळा माणूस अशा संघाचा व्यवस्थापक, म्हणजे सूत्रधार, व्हावयास १९७५ साल उजाडले; तो मान फ्रँक रॉबिन्सन यांना मिळाला. अठ्ठावीस वर्षे! बाळू पुण्याच्या हिंदू संघात आले तेव्हापासून विठ्ठल कर्णधार होईपर्यंतही जवळजवळ तितकाच काळ लोटला. दोन खेळ, दोन खंड; पण माणसाचा हात मान्य होणे आणि त्याचे डोके मान्य होणे, यांत दोन्हीकडे एक पिढी खर्ची पडली.

मैदानाबाहेरचा सामना

बाळूंचे उत्तरायुष्य राजकारणात गेले, आणि तेथे त्यांची गाठ पडली ती ज्यांनी तरुणपणी त्यांचा गौरव केला त्या डॉ. आंबेडकरांशीच. १९३२ साली स्वतंत्र मतदारसंघांचा प्रश्न आला. २० सप्टेंबरला येरवड्याच्या तुरुंगात गांधीजींचे उपोषण सुरू झाले आणि २४ तारखेला पुणे करार झाला. त्या करारावर डॉ. आंबेडकरांची सही आहे, तशी बाळूंचीही आहे. बाळू संयुक्त मतदारसंघाच्या बाजूचे होते. १९३७ च्या निवडणुकीत मुंबईत काँग्रेसने त्यांना डॉ. आंबेडकरांविरुद्ध उभे केले. डॉ. आंबेडकरांना १३,२४५ मते पडली, बाळूंना ११,२२५. बाळू हरले.

या प्रसंगावरून बाळूंना दोष देणारे पुष्कळ आहेत. आमचे मत थोडे निराळे आहे. बाळूंच्या अनुभवाने त्यांना शिकविले होते की, सवर्णांबरोबर राहून, चिकाटीने, गुण दाखवीत गेले की दारे हळूहळू उघडतात. पुण्याचे मातीचे भांडे मुंबईत फुटलेले त्यांनी पाहिले होते. धाकट्या भावाला कर्णधार झालेले पाहिले होते. डॉ. आंबेडकरांनी त्याच इतिहासातून दुसरा धडा घेतला असता तर तोही तितकाच खरा ठरता. लाखांत एकाच्या अंगी बाळूंची गोलंदाजी असते. ज्याच्या अंगी ती नाही त्याने पाणी कोठे प्यावे? महाडच्या चवदार तळ्यावर १९२७ साली जे हजारो लोक आले, त्यांच्यापैकी कोणाला बळी घेऊन दाखवावयाचे नव्हते. गुणवंताला मिळतो तो मान, आणि माणूस म्हणून सर्वांना मिळावयास हवा तो हक्क. मानाने वाट दिसते. पण हक्कावाचून त्या वाटेने सर्वांना जाता येत नाही, हे इतिहासाने सिद्ध केले आहे. बाळूंनी सबंध आयुष्य मान मिळवीत घालविले आणि तो मान मिळवूनही कर्णधारपदाचा हक्क त्यांना नाकारला गेला, हाच डॉ. आंबेडकरांच्या बाजूचा सर्वांत मोठा पुरावा आहे, असे आम्ही नम्रपणे म्हणतो.

४ जुलै १९५५ रोजी मुंबईत बाळूंचे निधन झाले. प्रथम श्रेणीचे ३३ सामने आणि १७९ बळी, सरासरी १५.२१, असा त्यांचा लेखी हिशेब आहे. हिंदुस्थानने पहिला कसोटी सामना १९३२ साली खेळला, तेव्हा त्यांची पन्नाशी उलटून गेली होती. म्हणून कसोटीच्या यादीत त्यांचे नाव सापडत नाही. विठ्ठल यांनी १९४८ साली मराठीत आपल्या क्रीडाजीवनाची आठवण लिहून ठेवली. परंतु क्रिकेटवर जीव टाकणाऱ्या आपल्या समाजाने या भावांना बराच काळ विस्मृतीत ठेवले. तिकडे होसे मेंदेसला अमेरिकेच्या बेसबॉलच्या सन्मानमंदिरात स्थान मिळाले ते २००६ साली, त्याच्या मृत्यूनंतर किती तरी वर्षांनी. उशिरा का होईना, चूक मान्य करणे हे समाजाच्या प्रकृतीचे लक्षण आहे.

आपल्या दारी

श्रोतेहो, ही हकीकत पुण्यामुंबईची म्हणून ऐकून सोडून देण्यासारखी नाही. आपण निजामाच्या राज्यात होतो. १७ सप्टेंबर १९४८ रोजी मुक्त झालो, आणि त्या मुक्तीसाठी सर्व जातींच्या माणसांनी किंमत मोजली. १९५० साली डॉ. आंबेडकरांनी औरंगाबादेस मिलिंद महाविद्यालय काढले. त्यातून आपल्या खेड्यापाड्यांतील किती मुले शिकून वर आली, हे आपणांस माहीत आहे. त्यांच्या शिक्षणसंस्थेचा लाभ मराठवाड्याने आनंदाने घेतला. परंतु १९७८ साली विद्यापीठाला त्यांचे नाव देण्याचा ठराव विधिमंडळाने केला, तेव्हा याच मराठवाड्यात, याच आपल्या नांदेड भागातील गावांतही घरे जळाली, माणसे मारली गेली. नामविस्तार व्हावयास १४ जानेवारी १९९४ उजाडला. आणि त्याच वर्षी नांदेडला स्वामी रामानंद तीर्थांच्या नावाचे विद्यापीठ उभे राहिले. सोळा वर्षे आपण कशासाठी भांडलो? काम मान्य होते. नाव मान्य होत नव्हते. गोलंदाजी हवी होती. कर्णधारपद देववत नव्हते. बाळू पालवणकरांची गोष्ट आपण आपल्या दारात पुन्हा एकदा खेळलो, आणि तीत आपली बाजू शोभली नाही.

आज चहाची ती मातीची भांडी गेली. कायद्याने गेली, शिक्षणाने गेली, हॉटेलांच्या कपबश्यांनीही गेली. परंतु कुंपणाला सरकण्याची सवय आहे, हे बाळूंच्या चरित्राने आपणांस शिकविले. तेव्हा यात्रेच्या फडात एखाद्या पोराला खांद्यावर घेताना, शाळेच्या संघात एखाद्या मुलीच्या खेळाला टाळ्या वाजविताना, आपण स्वतःला एवढेच विचारावे : हिचा खेळ आम्हांस हवा आहे, पण उद्या ही आमची कर्णधार झाली, तर आम्ही हिच्या इशाऱ्यावर धावू काय? सामना संपल्यावर हिला आमच्या माजघरात पाटावर बसवू काय? या प्रश्नांना मनापासून होकार देता आला, तर पूना क्लबात ४ रुपयांवर रूळ फिरविणाऱ्या त्या माणसाचा खरा सत्कार आज, येथे, झाला असे आम्ही समजू.